शिरीन एबादी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इराणची बातमी आली की शिरीन एबादींचं नाव कुठेतरी येतंच, आणि मग ठरावीक प्रश्न सुरू होतात. काही कुतूहलाचे, काही संशयाचे, आणि काही थेट आरोपच, फक्त शेवटी प्रश्नचिन्ह लावलेले. सगळ्यांना एकदाच उत्तरं द्यावीत म्हणून हे लिहून ठेवलंय.

या बाई नेमक्या कोण?

इराणी वकील. जन्म २१ जून १९४७, हमदान शहरातला. वाढल्या आणि शिकल्या तेहरानमध्ये. शहाच्या, म्हणजे इराणच्या राजाच्या, काळात न्यायाधीश होत्या, इस्लामी क्रांतीनंतर ते पद गेलं, मग वकिली केली आणि २००३ मध्ये शांततेचं नोबेल मिळालं. हे पारितोषिक मिळवणाऱ्या त्या पहिल्या मुस्लिम स्त्री आणि पहिल्या इराणी व्यक्ती. जून २००९ पासून देशाबाहेर आहेत. मुक्काम लंडनमध्ये.

न्यायाधीश होत्या, तर पद गेलं कसं? काही गैरव्यवहार?

गुन्हा एवढाच, की त्या बाई होत्या.

१९६९ मध्ये त्या न्यायाधीश झाल्या. इराणमध्ये न्यायासनावर बसलेल्या अगदी पहिल्या काही स्त्रियांपैकी त्या एक. १९७५ पर्यंत तेहरानच्या शहर न्यायालयातल्या एका पीठाच्या अध्यक्षपदी पोचल्या होत्या. १९७९ ची क्रांती आली तेव्हा त्या तिच्या बाजूनं होत्या. हे त्या लपवत नाहीत. शहा नको, स्वातंत्र्य हवं, असं म्हणणाऱ्या लाखो शिकलेल्या लोकांपैकी त्याही होत्या.

क्रांती जिंकल्यावर त्या आणि काही सहकारी अभिनंदन करायला न्याय मंत्रालयात गेल्या. नव्यानं कारभार हाती घेतलेल्या गृहस्थांनी त्यांना सुचवलं की इमामांचा, म्हणजे क्रांतीचे नेते खोमेनींचा, मान राखून डोक्यावरून काही घेतलंत तर बरं. एबादींनी आत्मचरित्रात हा प्रसंग लिहिला आहे. पेढे घेऊन गेलेल्या माणसाला दारातच चपला कुठे काढायच्या ते ऐकवावं, तसं झालं ते.

पुढचं वर्षभरातच घडलं. इस्लामनुसार बाई न्यायनिवाडा करू शकत नाही, असं नव्या सत्तेचं म्हणणं पडलं. सगळ्या स्त्री न्यायाधीशांना खाली उतरवलं. एबादींना कारकुनी काम दिलं, तेही ज्या न्यायालयात त्या स्वतः अध्यक्षस्थानी बसायच्या तिथेच. काही काळ काढून त्यांनी मुदतपूर्व निवृत्ती घेतली. वकिलीची सनद मागितली तर ती मिळेना. अखेर मिळाली १९९२ मध्ये. मधली वर्षं त्या घरी बसून कायद्यावर लेख आणि पुस्तकं लिहीत होत्या, दोन मुली वाढवत होत्या.

मग तेव्हाच देश का नाही सोडला?

त्यांचे कितीतरी मित्र गेले. त्या राहिल्या. कारण समजायला त्यांचा एक जुना लेख पाहावा लागतो.

इराणच्या फौजदारी कायद्यात ‘दिये’ म्हणजे रक्तमूल्य असतं. माणूस मारला गेला किंवा जायबंदी झाला तर किती भरपाई, याचा तक्ता. १९९१ च्या कायद्यात मुस्लिम पुरुषाच्या जिवाची किंमत शंभर उंट, नाहीतर दोनशे गायी, नाहीतर हजार मेंढ्या, अशी लिहिलेली होती. बाईची किंमत निम्मी. त्याच तक्त्यात अवयवांचेही दर होते, आणि पुरुषाच्या डाव्या अंडकोशाला पूर्ण रकमेच्या दोन तृतीयांश. आता हिशेब तुम्हीच करा: दोन तृतीयांश मोठे की अर्धा?

एबादींनी हा हिशेब एका मासिकात मांडला. उच्चशिक्षित बाई रस्त्यात गाडीखाली मेली आणि एखाद्या गुंडाला मारामारीत तिथे इजा झाली, तर कायद्याच्या लेखी कुणाचं नुकसान मोठं, असा साधा प्रश्न विचारला. कर्मठ मंडळी खवळली. पण कलम खोटं आहे असं कुणी म्हणू शकलं नाही, कारण ते त्यांनीच लिहिलेलं होतं.

ही त्यांची रीत. घोषणा कमी, कलम जास्त. सनंदज शहराजवळच्या एका अकरा वर्षांच्या मुलीवर बलात्कार करून तिला मारलं गेलं. आरोपी तीन. एकानं तुरुंगात गळफास घेतला, उरलेल्या दोघांना देहदंड झाला. पण दोन पुरुषांचे जीव एका मुलीच्या जिवापेक्षा ‘महाग’, म्हणून फरकाची रक्कम मुलीच्या घरच्यांनी भरावी, तरच शिक्षा अमलात येईल, असं ठरलं. घर विकलं, तरी पैसे पुरेनात. बाप आणि भाऊ मूत्रपिंड विकायला निघाले. एबादींनी हे प्रकरण घेतलं. कोर्टात यश आलं नाही. पण घराघरातल्या माणसांना पहिल्यांदा कळलं की आपल्या देशातला कायदा असं म्हणतो.

(फाशीच्या शिक्षेला एबादींचा विरोध आहे. या खटल्यात त्यांचा मुद्दा दोघांना फासावर चढवा हा नव्हता. मुलीचा जीव अर्धा का, हा होता.)

अशा दबावातून थोडंफार हललंही. मुलींच्या लग्नाचं किमान वय नऊवरून तेरावर आलं, आईकडे मुलाचा ताबा दोन वर्षांपर्यंतच असायचा तो सातपर्यंत गेला. तेरा म्हणजे काही मिरवण्यासारखा आकडा नाही, पण नऊच्या शेजारी ठेवून पाहा. देशात राहून, त्यांच्याच कायद्याची पोथी हातात धरून भांडता येतं, हा विश्वास त्यांना २००९ पर्यंत होता.

त्यांना मारायचा कट होता म्हणतात. पुरावा आहे की ऐकीव?

पुरावा सरकारी फाइलमध्येच होता, आणि तो त्यांनी स्वतः वाचला.

नोव्हेंबर १९९८ मध्ये दारियूश फोरूहर आणि त्यांच्या पत्नी परवाने या विरोधी नेत्यांची तेहरानमध्ये राहत्या घरी भोसकून हत्या झाली. पुढच्या काही आठवड्यांत मोहम्मद मोख्तारी आणि मोहम्मद जाफर पुयांदे हे दोन लेखक मारले गेले. इराणमध्ये याला ‘साखळी हत्या’ म्हणतात. जानेवारी १९९९ मध्ये गुप्तचर मंत्रालयानं कबूल केलं की आपल्याच काही ‘बहकलेल्या’ माणसांचं हे काम. मुख्य आरोपी सईद इमामी तुरुंगात मेला. त्यानं केस काढायचं औषध प्यायलं, हे सरकारी स्पष्टीकरण. विश्वास ठेवायचा की नाही, तुमचं तुम्ही ठरवा.

एबादी फोरूहर कुटुंबाच्या वकील होत्या. फाइल वाचायला मोजके दिवस मिळाले. गठ्ठेच्या गठ्ठे कागद, एका खोलीत बसून वाचायचे. एका पानावर मारेकरी आणि वरिष्ठ यांच्यातल्या बोलण्याची नोंद सापडली: पुढचं नाव शिरीन एबादी. परवानगी मिळाली होती, फक्त रमजान संपेपर्यंत थांबायचं होतं. त्या घरी आल्या, बराच वेळ अंघोळ करत राहिल्या, जेवणं झाली, मुली झोपल्या, आणि मग नवऱ्याला सांगितलं.

पुढे २००० मध्ये दुसऱ्याच एका खटल्यात त्यांना अटक झाली. एविन तुरुंगात तीन आठवड्यांहून जास्त काळ एकांत कोठडीत होत्या.

नोबेल मिळाल्यावर सरकारला आनंद झाला असेल ना?

१० ऑक्टोबर २००३ ला घोषणा झाली तेव्हा त्या पॅरिसमध्ये होत्या. परतल्या तर तेहरानच्या मेहराबाद विमानतळावर हजारो लोक, त्यात बायकांची गर्दी मोठी. सुधारणावादी म्हणवणारे राष्ट्राध्यक्ष खातमी मात्र म्हणाले, शांततेच्या नोबेलला तेवढं महत्त्व नसतं. ऑस्लोच्या समारंभात त्या डोक्यावर काही न घेता गेल्या, त्यावरून वेगळा गहजब.

देश सुटला कसा? पळून गेल्या का?

नाही. रीतसर पासपोर्टवर, परिषदेसाठी गेल्या होत्या.

त्याआधीचं वर्ष वाईट होतं. २००८ मध्ये बहाई या अल्पसंख्य धर्माच्या समाजातल्या सात प्रमुखांना अटक झाली. बहाईंचं वकीलपत्र घ्यायला कुणी धजावत नाही, कारण इराणचं संविधान त्यांना धर्म म्हणूनच मानत नाही. एबादी आणि सहकाऱ्यांनी घेतलं. लगेच सरकारी वृत्तसंस्थेनं बातमी सोडली की एबादींची मुलगी बहाई झाली. अशी बातमी तिथे जिवावर बेतू शकते. डिसेंबर २००८ मध्ये, मानवी हक्कांच्या जाहीरनाम्याला साठ वर्षं झाल्याचा कार्यक्रम असताना, पोलिसांनी त्यांच्या मानवाधिकार रक्षक केंद्राला टाळं ठोकलं. आठवडाभरात करखात्याचे लोक म्हणवणारे त्यांच्या खासगी कचेरीत शिरले आणि संगणक, अशिलांच्या फाइली उचलून नेल्या.

१२ जून २००९ ला राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक होती. आदल्या दिवशी त्या स्पेनला निघाल्या, थोड्या दिवसांत परतायचं म्हणून. निकालात आधीचेच राष्ट्राध्यक्ष अहमदीनेजाद विजयी घोषित झाले, निकाल मान्य नाही म्हणून रस्त्यावर लोक उतरले, गोळ्या चालल्या, सहकारी एकामागून एक उचलले गेले. आतल्या मंडळींनी निरोप दिला: येऊ नका, बाहेर राहून बोला, इथे आता बोलणारं कुणी उरत नाहीये.

म्हणजे घर आवरून, देवाला नमस्कार करून निघणं त्यांच्या वाट्याला आलंच नाही. चार दिवसांची बॅग भरली होती.

बाहेर गेल्या म्हणजे सुटल्या की.

हा प्रश्न मला सर्वांत जास्त वेळा विचारला जातो, आणि सर्वांत जास्त खटकतोही.

त्या सुटल्या. घरचे सुटले नाहीत. नोव्हेंबर २००९ मध्ये नॉर्वे सरकारनं जाहीर केलं की तेहरानच्या बँकेतल्या लॉकरमधून एबादींचं नोबेल पदक जप्त झालंय. नोबेल पदक एखाद्या सरकारनं जप्त केल्याचं उदाहरण नॉर्वेला माहीत नव्हतं. इराणनं जप्ती नाकारली, पण बक्षिसाच्या रकमेवर कर थकल्याचं सांगायला विसरले नाहीत.

डिसेंबरात धाकट्या बहिणीला, नूशीनला, घरातून नेलं. ती डॉक्टरकीच्या पेशातली, विद्यापीठात शिकवणारी, चळवळीशी संबंध नसलेली. काही आठवड्यांनी सोडलं.

नवऱ्याची गोष्ट याहून वाईट. जवाद तवस्सोलियान हे इंजिनिअर, राजकारणापासून लांब. एबादींनी नंतर जे लिहिलं त्यानुसार गुप्तचरांनी एका ओळखीच्या बाईकरवी त्यांना सापळ्यात अडकवलं, चित्रण केलं, अटक केली, फटके मारले, आणि घाईत उरकलेल्या सुनावणीत दगडांनी ठेचून मारण्याची शिक्षा सुनावली. सुटकेचा मार्ग एकच: कॅमेऱ्यासमोर बसून बायकोला परदेशी हस्तक म्हणायचं. ते म्हणाले. २०१० मध्ये सरकारी टीव्हीवर ते दाखवलं गेलं. पुढे दोघं वेगळे झाले.

त्यांनी फोनवर एबादींना सगळं सांगितलं तेव्हा एबादींनी त्यांना दोष दिला नाही. मी हे वाचून पुस्तक बाजूला ठेवलं होतं, पुढचं पान लगेच उलटवेना.

परदेशात बसून त्या करतात काय? भाषणं?

भाषणं आहेतच. पण मुख्य काम कागदाचं. आतले वकील, कैद्यांचे नातेवाईक माहिती पाठवतात: कुणाला कधी उचललं, कोणतं कलम लावलं, फाशीची तारीख काय. ते तपासून अहवाल करायचे आणि संयुक्त राष्ट्रांपर्यंत पोचवायचे. इराणसाठी विशेष प्रतिवेदक, म्हणजे तिथल्या मानवी हक्कांवर संयुक्त राष्ट्रांना अहवाल देणारा तज्ज्ञ, नेमावा ही मागणी अनेकांची होती. २०११ मध्ये ते पद पुन्हा निर्माण झालं. पाकिस्तानच्या अस्मा जहांगीर यांनीही ते काम २०१८ मध्ये मृत्यू येईपर्यंत केलं.

याचा उपयोग काय, असं कुणी विचारलं की मी स्वीडनचं उदाहरण देतो. १९८८ मध्ये इराणच्या तुरुंगांत हजारो राजकीय कैद्यांना फासावर चढवलं गेलं. त्यात सहभागी असलेला हमीद नूरी २०१९ मध्ये स्टॉकहोमच्या विमानतळावर उतरला आणि पकडला गेला, कारण वाचलेल्या कैद्यांनी तीस वर्षं नावं आणि तारखा जपून ठेवल्या होत्या. २०२२ मध्ये जन्मठेप झाली. आता पुढचंही सांगायला हवं: २०२४ मध्ये कैद्यांच्या अदलाबदलीत स्वीडननं त्याला परत पाठवलं. असंही होतं.

अमेरिकेच्या इशाऱ्यावर चालतात, हे खरं का?

ज्यांना असं वाटतं त्यांनी एक खटला पाहावा. नोबेलनंतर एबादींना आठवणी अमेरिकेत प्रसिद्ध करायच्या होत्या. इराणवरच्या निर्बंधांमुळे तिथल्या प्रकाशकाला इराणी लेखिकेचं पुस्तक नव्यानं करून घेणं बेकायदा ठरत होतं. म्हणजे तेहरान बोलू देत नाही आणि वॉशिंग्टन छापू देत नाही. त्यांनी २००४ मध्ये अमेरिकेच्या अर्थखात्यावर दावा लावला, आणि त्याच वर्षाअखेर खात्याला नियम सैल करावा लागला. हस्तक मालकावर खटला भरतो, असं निदान मी तरी ऐकलेलं नाही.

इराणवर बाहेरून हल्ला करून लोकशाही आणता येईल, हे त्यांनी अनेक वर्षं नाकारलं. जून २०२५ मध्ये इस्रायल आणि इराण यांच्यात युद्ध पेटलं तेव्हा सहकारी नर्गिस मोहम्मदी, चित्रपट दिग्दर्शक जाफर पनाही यांच्यासह त्यांनी जे निवेदन काढलं त्यात युद्ध थांबवा, युरेनियमचं समृद्धीकरण थांबवा, आणि इराणच्या राज्यकर्त्यांनी पायउतार व्हावं, अशा तिन्ही मागण्या एकत्र होत्या. कुठल्याच गटाला पूर्ण न रुचणारं निवेदन.

त्या इस्लामविरोधी आहेत का?

नाहीत. स्वतःला मुस्लिम म्हणवतात. त्यांचं भांडण सक्तीशी आहे. फ्रान्सनं शाळेत स्कार्फवर बंदी आणली तेव्हा त्यांनी त्यालाही विरोध केला होता.

परदेशातल्या इराणी विरोधकांना खरंच धोका असतो?

असतो. शहाचे शेवटचे पंतप्रधान शापूर बख्तियार १९९१ मध्ये पॅरिसजवळ राहत्या घरी मारले गेले. १९९२ मध्ये बर्लिनच्या मिकोनोस रेस्तराँमध्ये कुर्द नेत्यांवर गोळीबार झाला, आणि १९९७ मध्ये जर्मन न्यायालयानं आदेश थेट तेहरानच्या वरच्या वर्तुळातून आल्याचं म्हटलं. पत्रकार रुहोल्ला झम फ्रान्समध्ये सुरक्षित होते, इराकला गेले, तिथून इराणमध्ये नेले गेले, आणि डिसेंबर २०२० मध्ये फाशी. न्यूयॉर्कमध्ये राहणाऱ्या पत्रकार मसीह अलीनेजादच्या घराजवळ २०२२ मध्ये भरलेली रायफल घेऊन फिरणारा माणूस पकडला गेला. मार्च २०२४ मध्ये लंडनमध्ये एका फारसी वाहिनीच्या निवेदकाला घराबाहेर भोसकलं. तो वाचला. एबादीही लंडनमध्येच राहतात, हे लक्षात घ्या.

मग हे सगळे विरोधक एकत्र का येत नाहीत?

आले होते. सप्टेंबर २०२२ मध्ये हिजाबवरून पकडलेल्या महसा अमिनी या तरुणीचा पोलिस कोठडीनंतर मृत्यू झाला आणि देश पेटला. त्यानंतर फेब्रुवारी २०२३ मध्ये वॉशिंग्टनच्या जॉर्जटाउन विद्यापीठात शहाचा मुलगा रझा पहलवी, मसीह अलीनेजाद, हामेद इस्माईलियुन वगैरे मंडळी एका मंचावर बसली. एबादी दूरस्थपणे सामील झाल्या. मार्चमध्ये त्यांची संयुक्त सनद निघाली. एप्रिलमध्ये आघाडी फुटलेली होती.

राजेशाहीवाले, प्रजासत्ताकवाले, कुर्द, डावे. प्रत्येकाच्या १९७९ च्या आठवणी वेगळ्या आणि प्रत्येकाची जखमही वेगळी. शिवाय एबादींवर राग असलेले इराणी कमी नाहीत. तुम्हीच क्रांतीला टाळ्या वाजवल्यात आणि नंतर वर्षानुवर्षं ‘सुधारणा होईल’ म्हणत बसलात, असं तरुण पिढी त्यांना ऐकवते. आरोपात तथ्य आहे. २०१८ मध्ये त्यांनी स्वतःच पंधराएक जणांसह जाहीर केलं की ही व्यवस्था सुधारण्यापलीकडे गेली आहे, आता संयुक्त राष्ट्रांच्या देखरेखीखाली सार्वमत घ्या. उशीर झाला का? माझ्या मते झाला. पण ज्या वकिलानं सोळा-सतरा वर्षं एकेक कलम खरवडून थोडं थोडं मिळवलं, तिला पोथीच फेकून द्या म्हणायला वेळ लागणारच.

नर्गिस मोहम्मदी त्यांच्या कोण?

सहकारी. टाळं ठोकलेल्या त्याच केंद्राच्या उपाध्यक्षा. २०२३ चं शांततेचं नोबेल त्यांना मिळालं तेव्हा त्या एविन तुरुंगात होत्या. ऑस्लोत मंचावर खुर्ची रिकामी ठेवली होती आणि पॅरिसला वडिलांकडे वाढलेल्या जुळ्या मुलांनी, अली आणि कियाना यांनी, पारितोषिक घेतलं. एकाच संस्थेतल्या दोघी: तेव्हा एक बाहेर अडकलेली, दुसरी आत.

आपल्याकडे याचा काही संबंध?

ओढूनताणून नको. पण जो आहे तो सांगतो. एबादींनी ज्या बहाईंचं वकीलपत्र घेतलं, त्याच समाजानं १९४५ मध्ये पाचगणीला न्यू एरा शाळा काढली. आपल्याकडचे इराणी चहावाले यज्द आणि केरमानकडून आले. पुण्यात कॉलेजला असलेल्यांना इराणी विद्यार्थी नवे नाहीत. आणि मराठी कोर्टात पाऊल टाकलं की वकील, फिर्याद, जामीन, कैद, तारीख, दस्तऐवज, सगळे शब्द फारसीच्या वाटेनं आलेले. तेहरानच्या रस्त्यावरची ‘ज़न (म्हणजे स्त्री), ज़िंदगी, आज़ादी’ ही घोषणा आपल्याला भाषांतराशिवाय दोन तृतीयांश कळते.

नावाचा उच्चार कसा करायचा?

शिरीन. पारशी शेजार असलेल्यांना सांगायला नको, अर्थ गोड. आडनावातला ‘बा’ फारसीत ‘बॉ’कडे झुकतो, पण एबादी म्हटलंत तरी चालेल. इराणी लोक त्यांना ‘खानुमे एबादी’ म्हणतात. म्हणजे एबादीबाई.